नाकतोड्याचं घर

या, बसा. त्या खुर्चीवर नको, तिचा एक पाय डुगडुगतो. इकडे खिडकीपाशी बसा. आतली खोली पाहिलीत ना? उजेड चांगला येतो, हवा खेळती आहे, आणि घरमालकीण म्हणाल तर फारशी खाष्ट नाही. माझ्या विद्यार्थ्यांना विचारलंत तर ते वेगळं सांगतील, पण तो भाग निराळा. तुमच्यासारखी नोकरी करणारी मुलगी राहायला आली असती तर मलाही सोबत झाली असती. पण खोली आता देता येणार नाही. खालची पाटी काढायची राहून गेली आणि तुम्हाला उगाच एवढे जिने चढावे लागले. निदान चहा तरी घेऊन जा. मी नाही घेणार. दिवेलागणीला मला रोज कणकण येते, मग तोंडाला कशाचीच चव राहत नाही.

जिन्यात बसलेली मुलं कुणाची, असं तुम्ही दारातच विचारलंत. ते सांगते, पण सगळं नीट पहिल्यापासून सांगते. नाहीतर म्हातारीचं डोकं फिरलंय असं समजून निघून जाल.

मी मुलांच्या वॉर्डात शिकवते. काही मुलांना तिथे महिनोन्‌महिने राहावं लागतं. त्यांचा अभ्यास बुडू नये म्हणून रुग्णालयाने एक शिक्षिका ठेवली आहे, ती मी. सलाइनची नळी सांभाळत पाढे म्हणून घ्यायचे, ज्याचा उजवा हात बांधलेला त्याला डाव्या हाताने बाराखडी गिरवायला लावायची, असलं माझं शिकवणं. वॉर्ड लांबट आहे, दोन्ही बाजूंना खाटा. एका टोकाला सिस्टरांचं टेबल, दुसऱ्या टोकाला जिना. स्पिरिटचा आणि उकळलेल्या चादरींचा वास तिथे असा मुरलाय, की घरी आल्यावर केसांनासुद्धा येतो.

तिथल्या कपाटात हातात धरून खेळायचा एक गेम होता. कुणीतरी आपल्या मुलाचा जुना झालेला आणून दिला होता. मध्ये पडदा, दोन्ही बाजूंना बटणं. मेमरी कार्ड घालायची खाच मोडलेली, त्यामुळे यंत्रात आहे तेवढ्याच जागेत भागवायचं. त्यातला मुलांचा लाडका खेळ म्हणजे गल्लीचा. खेळणाऱ्याने आपलं खातं उघडलं की त्याला गल्लीत एक घर मिळतं. मग दाराला रंग द्या, खाट मांडा, झाडं लावा, शेजारच्या घरी जा. जिंकणं नाही, हरणं नाही. ज्या मुलांना खाटेवरून उतरायची परवानगी नसते, त्यांना एवढं पुरतं.

त्यातून आमच्याकडे एक रिवाज पडला होता. बरं होऊन घरी जायच्या दिवशी मुलाने गल्लीतलं आपलं घर स्वतःच्या हाताने मोडायचं. कपडे बदलून झाले, पिशवी भरून झाली, की गेम त्याच्या हातात द्यायचा. तो बटण दाबायचा, घर नाहीसं व्हायचं, खातं पुसलं जायचं, पुढच्या मुलाला जागा व्हायची आणि सगळा वॉर्ड टाळ्या वाजवायचा. इथलं घर आपणच मोडायचं, दुसऱ्याने मोडलं तर चालत नाही, असं मुलं एकमेकांना बजावायची. हा रिवाज कुणी पाडला? मोठ्या सिस्टर म्हणायच्या मी पाडला, मी म्हणायची त्यांनी.

आता, वॉर्डातली सगळीच मुलं काही घरी जात नाहीत. जी देवाघरी गेली, त्यांची घरं गल्लीत तशीच राहायची. ती मोडायला कुणाचा हात होणार? गल्लीतून फिरताना मुलं त्या दारांवरून मुकाट पुढे जायची. हळूहळू गल्लीत तीच घरं जास्त झाली.

भिंगरी आली तेव्हा मात्र गाडी अडली. तिचं खातं उघडायला गेले तर पडद्यावर आलं, मेमरी भरली आहे. ही भिंगरी म्हणजे एक बारकी, दोन वेण्यांची मुलगी. पहिल्याच दिवशी सिस्टरांची नजर चुकवून खाटेवरून उतरली आणि वॉर्डाच्या मधोमध हात पसरून स्वतःभोवती गोल गोल फिरत बसली, चक्कर येऊन पडेपर्यंत. तिथेच तिचं बारसं झालं. तिला गल्लीत घर हवं होतं. मी आधी गाड्यांच्या शर्यतीचा खेळ पुसला. मग माशांचा. मग मुलांनी काढून ठेवलेले फोटो, व्हिडिओ, सगळा पसारा. तरी जागा पुरेना. घरांनीच मेमरी खाल्ली होती.

मोठ्या सिस्टर औषधांचा ट्रे लावत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, “बाई, जी गेली त्यांची घरं राखून कुणाचं भलं होणार? जिवंत पोरीला जागा द्या.”

खरं होतं त्यांचं. सगळ्यात मोठं घर नाकतोड्याचं होतं, कारण तो सगळ्यात जास्त काळ आमच्याकडे होता. हातापायांच्या नुसत्या काड्या आणि तोंडाला खळ नाही. मी त्याच्या खाटेशी गेले की आधी विचारायचा, “बाई, सातचा पाढा आज माफ ना?” मी म्हणायची, आज माफ, उद्या म्हणायचा. मग तो म्हणायचा, “उद्या पण माफ ना?” सातचा पाढा त्याचा शेवटपर्यंत राहिलाच. त्याच्या घराला पिवळं दार होतं. खिडकीशी त्याने एक उंच दिवा ठेवला होता आणि तो कधीच मालवायचा नाही. का रे, असं विचारलं तर म्हणाला होता, “अंधारात कोण आलं ते कळत नाही, बाई.”

दुपारी वॉर्डात झोपेची वेळ असते. पडदे ओढलेले, सगळीकडे मातकट उजेड. मी सिस्टरांच्या टेबलाशी बसले आणि नाकतोड्याचं खातं काढलं. हे घर कायमचं मोडेल, नक्की का, असं यंत्राने विचारलं. दाबलं बटण. पिवळं दार गेलं, भिंती गेल्या, झाडं गेली, मेमरी मोकळी झाली. दिवा तेवढा राहिला. मोकळ्या जमिनीवर उभा, पेटलेला. जुनं यंत्र आहे, काहीतरी अडकलं असेल, असं मी मनाशी म्हटलं आणि गेम कपाटात ठेवला.

त्यानंतर भिंगरीला दोन दिवस तपासण्यांसाठी दुसरीकडे हलवलं होतं, म्हणून जागा तशीच पडून होती. त्या दोन दिवसांत वॉर्डाच्या मावशींनी वेगळीच तक्रार आणली. “बाई, त्या जिन्याची एक पायरी वाळतच नाही बघा. पुसते तशी ओली. आणि गार इतकी, की पोतेरं धरवत नाही.” मी म्हटलं, नळ गळत असेल. भिंगरी परत आली, तिने त्याच मोकळ्या जागेवर आपलं घर बांधलं, आणि त्याच दिवशी पायरी वाळली. मावशींनी येऊन सांगितलंसुद्धा. पण तेव्हा मी या दोन गोष्टी एकत्र जोडल्या नाहीत. कोण जोडेल?

भिंगरीला छान उतार पडत होता. चेहऱ्यावर टवटवी आली, तिला तिसऱ्यांदा भूक लागली म्हणून मावशी लटकंच रागवायच्या. एका सकाळी ती मला कौतुकाने घर दाखवत होती. आत दोन खाटा होत्या. उंच दिवा खिडकीशी.

“दुसरी खाट कुणाची गं?”

“त्याची.”

“कुणाची?”

“ज्याचं घर इथे होतं त्याची. तुम्ही मोडलंत ना, बाई. मग तो जिन्यात बसला होता. मी म्हटलं, ये माझ्याकडे...”

मला वाटलं, कुणीतरी पोरीला नाही नाही ते सांगितलंय. मोठ्या सिस्टरांना विचारलं, मावशींना विचारलं. कुणीच बोललं नव्हतं. मी परत तिच्याकडे गेले तेव्हा ती पडद्यावरून नजर न काढता म्हणाली, “तो विचारतोय, सातचा पाढा अजून माफ आहे ना?”

माझ्या हातातली वही खाली पडली. ती उचलायला वाकले तर वर बघायचा धीर होईना.

त्यानंतर सगळं उलटं फिरलं. डॉक्टर म्हणाले, परवा घरी सोडू. परवाच्या आदल्या संध्याकाळी भिंगरीला ताप. पुन्हा तपासण्या, सगळं चांगलं. पुन्हा दिवस ठरला, पुन्हा ताप. डॉक्टरांनी रक्त तपासलं, छातीचे फोटो काढले, मोठ्या डॉक्टरांना बोलावलं. कशातच काही सापडेना. आणि पोरगी बघता बघता खंगत चालली. गोल फिरणं संपलं, मग चालणं संपलं. बोललेलं ऐकायला तोंडाशी कान न्यावा लागायचा. रात्री तिच्याजवळ असायची तिची आई. ती कपडे शिवायच्या कारखान्यात कामाला, बोटांना सुया टोचल्याच्या खुणा. ती एकदा मला म्हणाली, “बाई, ही घरी आडवीतिडवी पसरते, मला झोपायला जागा देत नाही. इथे अशी काठाला का झोपते हो?”

मी बघितलं. भिंगरी खाटेच्या अगदी कडेला झोपली होती. उरलेली अर्धी खाट मोकळी होती आणि तिथली चादर चुरगळलेली होती.

मी भिंगरीला खूप समजावलं. बाळा, घर मोड, म्हणजे बरं वाटेल, आई न्यायला बसलीय, धाकटा भाऊ वाट बघतोय. ती नुसती मान हलवायची. “मी मोडलं तर तो कुठे जाईल, बाई? जिना खूप गार असतो...”

“समजवा हो तिला,” तिची आई पदराने डोळे पुसत म्हणाली, “तुमचंच ऐकते ती.” पोरगी हातची चालली होती, हे आम्हा सगळ्यांना दिसत होतं.

मग दुपारच्या झोपेच्या वेळी मी भिंगरीच्या उशीखालचा गेम हळूच काढून घेतला. तिच्या खाटेशेजारीच स्टुलावर बसले. पडदे ओढलेले होते. कुणाच्या तरी सलाइनचं टपटप ऐकू येत होतं, बाकी सगळं चिडीचूप. मी तिच्या घरात शिरले. एका खाटेवर दोन वेण्यांची बाहुली झोपली होती. आणि खिडकीशी, दिव्याखाली, पाठमोरं कुणीतरी उभं होतं. हातापायांच्या काड्या. मी खात्यांची यादी उघडून बघितली. असं कुणाचं खातंच नव्हतं.

मी हलक्या आवाजात म्हटलं, “नाकतोड्या...”

ते हललं नाही.

“तिला जाऊ दे रे. लहान आहे ती. तिला झेपत नाही...”

सलाइनचं टपटप थांबलं, की मला ऐकू येईनासं झालं, कोण जाणे. स्पिरिटचा वास एकदम दाट झाला. मग माझ्या तोंडून जे निघालं, ते मी ठरवून बोलले नव्हते. “माझ्याकडे ये हवं तर. माझ्या घरी एक खोली मोकळी आहे.”

पडद्यावरचं ते हळूहळू वळलं. चेहरा मी पाहिला नाही. त्याआधीच मी डोळे मिटले आणि बटण दाबलं. यंत्राने विचारलं, नक्की का. परत दाबलं. डोळे उघडले तेव्हा गल्लीत मोकळी जमीन होती. दिवासुद्धा नव्हता. आणि मेमरी, तुम्हाला सांगते, भिंगरीच्या घराने जेवढी खाल्ली होती तिच्या दुपटीने मोकळी झाली होती.

त्या संध्याकाळी तिला ताप आला नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. चार-आठ दिवसांत पोरगी उठून खाटेभोवती फेऱ्या मारायला लागली. घरी जायच्या दिवशी मोडायला घर नव्हतंच, तेव्हा नुसत्याच टाळ्या वाजवल्या. तिच्या आईने माझे हात घट्ट धरले आणि ती रडायला लागली. मलाही रडू आलं. भिंगरी मात्र जिन्यापाशी गेल्यावर मागे आली आणि मला खाली वाकायला लावून कानात म्हणाली, “घर मी मोडायचं असतं ना, बाई? तुम्ही का मोडलंत?” मी काहीतरी थातूरमातूर सांगितलं. ती म्हणाली, “तो खूश आहे. तुमच्याकडे जागा आहे, असं त्याने बाकीच्यांना पण सांगितलंय...”

त्या दिवशी मी घरी आले तर कुलूप उघडण्याआधीच दाराला वॉर्डाचा वास येत होता. आत आतल्या खोलीतला दिवा लागलेला. मी लावलेला नव्हता. तुम्ही मघाशी विचारलंत, एवढ्या उजेडात दिवा कशाला चालू ठेवलाय. मालवला की थोड्या वेळाने परत लागतो, म्हणून आता मी नादच सोडलाय. मी स्वयंपाकघरात असले की तिकडून बटणं दाबल्यासारखी टिकटिक येते. पहिल्या वेळी मी ओट्याला धरून उभी राहिले. शेवटी भिंतीकडे तोंड करून म्हटलं, “सातचा पाढा माफ आहे.” टिकटिक थांबली. मग मी कपाटातून एक चादर काढली आणि जाऊन खाटेवर घातली. दुसरं काय करणार होते?

तेव्हापासून ही कणकण. भिंगरीला यायची तशीच, संध्याकाळची. डॉक्टरांनी रजा घ्यायला लावलंय. माझी तपासणी पण चांगलीच आली. भिंगरीची आई मला दर रविवारी फोन करायची, आज पळत होती, आज भांडली, आज अख्खं पुस्तक वाचून काढलं. या रविवारी आला नाही तिचा फोन. कामात असेल.

आणि आज दुपारी मोठ्या सिस्टरांचा आला. आवाजात आनंद मावत नव्हता. “बाई, वॉर्डाला नवा गेम मिळाला! जुना आता ओपीडीत बसणाऱ्या मुलांना देतोय. मीच सगळं पुसून दिलं. अख्खी मेमरी मोकळी.”

मी विचारलं, “गल्ली?”

“सगळंच हो. एकही घर ठेवलं नाही. तुम्हीच शिकवलंत ना कसं करायचं ते.”

फोन ठेवला आणि मी घरात होत्या नव्हत्या तेवढ्या उशा गोळा करून आतल्या खोलीत मांडल्या. तुम्हाला त्याच दिसल्या. या इमारतीत कुणाकडेच लहान मूल नाही. खालच्या मजल्यावर म्हातारा-म्हातारी, वरती गच्ची. आता तुम्हीच सांगा, जिन्यात बसलेली मुलं कुणाची?

भीती वाटते का, म्हणता? वाटते. एकट्या नाकतोड्याने माझी ही गत केलीय, इतक्या जणांनी काय होईल ते मला कळतं. पण त्यांचा फळा मी पुसलाय, त्यांच्या वह्या मी तपासल्यात. जिन्यातच बसा, असं कुठल्या तोंडाने सांगू?

निघताय? बरं. चहा तसाच राहिला. उतरताना भिंतीच्या कडेने उतरा, कुणाला ओलांडू नका. पायऱ्या ओल्या असतील, जपून. आणि दार लोटून घेऊ नका, राहू दे तसंच.

काय म्हणालात?

सगळी बसलेली नव्हती? कुठली मुलगी? वळणावर... हात पसरून... गोल गोल...

वेण्या होत्या का हो तिला? दोन?

नाही, नाही. तुमचा काहीतरी घोटाळा होतोय. ती घरी गेली. आम्ही सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या तिला.